शांताक्कांचं इंग्रजी

मल्लेश्वरमातलं ते घर पाडलेलं नाही. त्याचं कॉफीचं दुकान झालं आहे. माझी भाची बेंगळुरूला नोकरीला असते. तिच्याकडे गेले होते तेव्हा एका रविवारी ती मला मेट्रोने तिकडे घेऊन गेली. जुन्या घरात बसून कॉफी प्यायची जागा आहे, मावशी, तुला आवडेल, एवढंच तिने सांगितलं होतं. ते घर कुठलं, हे तिला ठाऊक असण्याचं कारण नव्हतं. मी पायरीशी चप्पल काढायला वाकले, तशी ती हसून म्हणाली की इथे चपला घालूनच आत जातात. माझ्या पायांनी ते घर माझ्याआधी ओळखलं होतं.

आत तांबड्या कोब्याची जमीन तशीच आहे. इतकी वर्षं पुसून पुसून तिला जो नितळ थंडावा आला होता, तो चपलेच्या तळव्यातून कळत नाही, पण डोळ्यांना कळतो. स्वयंपाकघराची मधली भिंत काढून मोठी खोली केली आहे. आम्हाला मिळालेलं टेबल नेमकं ओट्याच्या जागी होतं. खिडकीला तेच उभे गज, मागे तोच कढीलिंब, आता पार गच्चीच्या वर गेलेला. भाची फोनवर काहीतरी मागवत होती आणि मी नाकाने हिंग शोधत होते, ओल्या नारळाचा चव शोधत होते, संध्याकाळी फिरवलेल्या धुपाचा वास शोधत होते. कॉफीचा वास होता. तो मात्र खरा होता.

याच जागी मी इंग्रजी शिकले. शाळेत शिकले होते, कॉलेजात शिकले होते, एम.एस्सी.चे पेपर इंग्रजीतच लिहिले होते. पण ते पाठ केलेलं इंग्रजी होतं. सणाला नेसायच्या शालूसारखं ते मी घडी करून ठेवलेलं असायचं आणि परीक्षेपुरतं बाहेर काढायचे.

नव्वदच्या दशकाची सुरुवातीची वर्षं. मिरजेहून मी बेंगळुरूला आले ती इंदिरानगरातल्या एका छोट्याशा कंपनीत. एका बंगल्याचा वरचा मजला, चार-पाच कॉम्प्युटर, करकरत कागद ओकणारा प्रिंटर आणि झेरॉक्स यंत्राचा तो गरम, किंचित गोडसर वास. दुसऱ्यांनी बनवलेल्या यंत्रांची माहितीपुस्तकं लिहायची, हे आमचं काम. यंत्र कसं लावायचं, कसं चालवायचं, काय करायचं नाही. आई मिरजेत शेजारणींना सांगायची की मुलगी बेंगळूरला टायपिंग करते. समजावून सांगण्यापेक्षा ते सोपं होतं.

राहायची सोय बाबांच्या एका ओळखीतून शांताक्कांकडे झाली. त्यांचे कोणी पूर्वज कधीकाळी साताऱ्याकडून म्हैसूर संस्थानात चाकरीला आले आणि इथलेच झाले. घरात मराठी टिकली होती, पण लोणच्यात मीठ मुरावं तशी तिच्यात कानडी मुरली होती. शांताक्का मुलींच्या शाळेत इंग्रजी शिकवून निवृत्त झाल्या होत्या. लग्न केलं नव्हतं. बारीक काठाची सुती साडी, पांढऱ्या अंबाड्यात मरव्याची एक काडी, आणि चष्म्यावरून बघण्याची अशी सवय की बोलणाऱ्याने आपलं वाक्य तोंडातच एकदा तपासून घ्यावं.

माझं पहिलं काम होतं ते दवाखान्यातली हत्यारं वाफेवर निर्जंतुक करण्याच्या यंत्राचं. दिसायला मोठ्या प्रेशर कुकरसारखं. मी पंधरा-वीस पानं लिहून नेली. आमचे साहेब, राघवन, सडपातळ आणि अबोल माणूस, त्यांनी ती वाचून परत दिली. समासात ठिकठिकाणी एकच प्रश्न लिहिला होता: कोण? पुढच्या आठवड्यात त्यांनी मला बोलावून शांतपणे सांगितलं की तुमचं विज्ञान पक्कं आहे, पण तुमचं लिहिलेलं वाचून यंत्र चालवता येत नाही. दवाखान्यातल्या नर्ससमोर या पुस्तकाची चाचणी होईल. त्यात ते चाललं नाही तर तुमच्यासाठी दुसरं काही काम माझ्याकडे नाही.

त्या संध्याकाळी मी बसने घरी आले ती संपिगे रोडवर उतरून चालत, उगाच फुलबाजारातून वळसा घेऊन. अबोलीचे गजरे, दवणा, सोनचाफ्याच्या पुड्या, पायाखाली चिरडलेल्या पाकळ्यांचा तो ओला, जड वास. मिरजेला परत जाणं म्हणजे काय, हे मला माहीत होतं. धाकट्या बहिणीची फी माझ्या पगारातून जात होती आणि बाबांनी माझ्या नोकरीचे पेढे सगळ्या आळीला वाटले होते.

शांताक्का ओट्याशी बसून भिजवलेले अवरेकाळू सोलत होत्या. वालाच्या जातीचे हिरवे दाणे. चिमटीत धरून दाबले की आतला दाणा सुळकन बाहेर येतो आणि साल बोटात राहतं. थंडीच्या दिवसांत मल्लेश्वरमातल्या प्रत्येक घरातून तो हिरवा, कच्चा वास यायचा. माझा चेहरा बघून त्यांनी कागद मागितले. हात पुसून, चष्मा वर करून त्यांनी पहिलं पान वाचलं.

"थंड झाल्यावर परिचारिकेने झाकण उघडावे," माझ्या इंग्रजी वाक्याचं त्यांनी मराठी केलं. "नर्स थंड होऊस्तोवर वाट बघायची का गे?"

मला हसू आलं आणि त्याच्या पाठोपाठ रडूही. त्यांनी रडण्याकडे लक्ष दिलं नाही. अवरेकाळूंचं भांडं माझ्यापुढे सरकवलं आणि पुढचं वाक्य वाचायला घेतलं.

तिथून आमच्या संध्याकाळी सुरू झाल्या. दाणे सोलता सोलता, तांदूळ निवडता निवडता, कधी खोबरं किसता किसता. त्यांनी मला नियम सांगितले नाहीत असं नाही, पण नियम आधी आला नाही, वाक्य आधी आलं. इंग्रजीतल्या त्या दोन टिकल्या, 'अ' आणि 'द', मला कधी कुठे लावायच्या ते कळत नसे. आपल्या भाषेत तसलं काही नाहीच. शांताक्का म्हणाल्या की दारात अनोळखी कोणी आलं तर घरात काय सांगतीस, कुणीतरी आलंय. तो 'अ'. तोच माणूस बैठकीत येऊन बसला, पाणी प्याला, की मग तो कुणीतरी राहत नाही. तो 'द'. मग प्रत्येक वस्तूची मी तशी ओळख करून द्यायला लागले. आधी एक झाकण, मग ते झाकण.

'ओन्ली' हा शब्द मी हाताला येईल तिथे टाकायचे. त्यावर त्या म्हणाल्या, आपला 'च' कुठं चिकटवायचा ते तुला कुणी शिकवलं? मीच आंबा खाल्ला, मी आंबाच खाल्ला, मी आंबा खाल्लाच. तिन्ही निराळी भांडणं आहेत. 'ओन्ली' पण तसाच, ज्याच्याबद्दल बोलायचं त्याच्या अंगाला लागून ठेव.

आणि स्वल्पविराम. मी तो श्वास घ्यावासा वाटला की द्यायचे. त्यांनी विचारलं की रिक्षावाला 'स्वल्प इरी' म्हणतो तेव्हा तू काय करतीस? थांबते, मी म्हटलं, जरा थांबते. उतरत तर नाहीस? नाही. "मग झालं," त्या म्हणाल्या. "स्वल्प विराम. नावातच आहे. वाचणाऱ्याला स्वल्प इरी म्हणायचं, पण गाडीतून उतरवायचं नाही."

माझ्या पानांत कचेरीतली धूळही फार होती. कृपया आवश्यक ती कार्यवाही व्हावी, सोबत जोडलेले पाहावे, वर उल्लेख केल्याप्रमाणे. बाबा सरकारी खात्यात होते, त्यांच्या मसुद्यांवर मी वाढले होते. त्याला मी सुंदर इंग्रजी समजत होते. शांताक्कांनी ती सगळी वाक्यं पेन्सिलीने हलकेच खोडली. ही कुणाची भाषा गे, म्हणाल्या, इंग्रज साहेब जाऊन किती वर्षं झाली.

पुस्तक निम्म्यावर आलं. पानं उजळ दिसायला लागली. मला वाटलं, आता जमलं.

चाचणी एका छोट्या दवाखान्यात होती. यंत्र थंडच होतं, नुसतं पुस्तक बघून एकेक कृती करून दाखवायची होती. सिस्टर लिली नावाची मलयाळी नर्स, पन्नाशीची, हातावर जुन्या भाजल्याच्या खुणा. नियम असा होता की ज्याने लिहिलं त्याने तोंड उघडायचं नाही. राघवन साहेब खिडकीशी उभे होते. मी भिंतीशी. सिस्टर लिली बोट ठेवून हळूहळू मोठ्याने वाचत होती आणि वाचेल ते करत होती. सगळं नीट चाललं होतं. मग ती शेवटच्या भागापाशी आली. मी तिथे लिहिलं होतं: उघडा झाकण, दाब शून्यावर आल्याची खात्री केल्यानंतर. इंग्रजीत ते वाक्य अगदी शुद्ध होतं. तिने पहिले शब्द वाचले आणि तिचा हात झाकणावर गेला. झाकण उघडलं. मग तिने पुढचं वाचलं.

तिने माझ्याकडे बघितलं. रागाने नाही. "यात लिहिलंय की झाकण उघडा," ती म्हणाली. "म्हणून मी उघडलं."

यंत्र तापलेलं असतं तर, हा विचार मला तिथे सुचला नाही. मी तिच्या हातावरच्या खुणांकडे बघत राहिले. बाहेर आल्यावर राघवन साहेबांनी विचारलं की पुन्हा लिहायला पंधरवडा पुरेल का. मी हो म्हटलं.

शांताक्कांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या की चूक व्याकरणाची नाही, घरच्या भाषेची आहे. मराठीत क्रियापद शेवटी येतं. कानडीत पण. सगळं ऐकून होईस्तोवर आपला हात थांबतो. इंग्रजीत क्रियापद आधीच दारात येऊन उभं राहतं. म्हणून थांबवायचं असेल ते त्याच्याही आधी सांगायला पाहिजे. तू मनात मराठीत लिहिलंस आणि वर इंग्रजी पांघरलंस.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला भडंग कसं करायचं ते इंग्रजीत लिहून द्यायला सांगितलं. आमच्याकडचे खमंग, लसणीचे चुरमुरे त्यांनी कधी खाल्ले नव्हते. मी लिहिलं. त्यांनी तो कागद खिडकीच्या गजात खोचला, पदर खोचला आणि मला उंबऱ्यावर बसवलं. बोलायचं नाही, म्हणाल्या, सिस्टर लिलीपुढं नाही बोललीस तसंच.

मी लिहिलं होतं की कढईत तेल तापवा. त्यांनी तेल घातलं आणि उभ्या राहिल्या. गॅस पेटवा असं मी लिहिलं नव्हतं. त्यांनी माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही, तशाच उभ्या राहिल्या, मग शेवटी माझ्यावर दया केल्यासारखा गॅस पेटवला. शेंगदाणे, लसूण, कढीलिंब, तिखट, हळद, सगळं एका वाक्यात होतं म्हणून सगळं एकदम पडलं. तिखट जळलं. त्यांना ठसका लागला, मला लागला, शेजारच्या घरातून कोणी कानडीत विचारलं की काय झालं. लसूण काळी पडायच्या आत काढून घ्या, हे मी पुढच्या ओळीत लिहिलं होतं. त्या ओळीपर्यंत त्या आल्या तेव्हा लसूण कोळसा झाली होती.

मग आम्ही दोघी ते काळं, कडू भडंग बशीत घेऊन बसलो. मी म्हटलं, टाकून देऊ या. त्यांनी एक घास खाल्ला आणि म्हणाल्या, "तू शेजारी असतीस तर मला हात धरून थांबवलं असतंस. पण लिहिलेलं वाचतात तेव्हा लिहिणारा तिथं नसतो गे. सगळं त्या ओळीनं करायचं असतं."

इतक्या वर्षांत लिहिण्याबद्दल मी बरंच काही ऐकलं आणि वाचलं. याच्या पलीकडचं काही मला अजून सापडलेलं नाही.

मी तो सगळा भाग पुन्हा लिहिला. एका वाक्यात एकच कृती. दाबाचा काटा बघा. काटा शून्यावर नसेल, तर थांबा. काटा शून्यावर आला, की झाकण उघडा. लहान मुलाशी बोलावं तसं वाटेल अशी भीती वाटत होती. शांताक्का म्हणाल्या की पहाटे दमलेल्या बाईशी बोलतो तसं वाटलं पाहिजे. नर्सच्या कामाची रात्र कशी असते ते त्यांना माहीत होतं. त्यांची धाकटी बहीण नर्स होती, हे मला तेव्हा पहिल्यांदा कळलं.

दुसऱ्या चाचणीच्या दिवशी सिस्टर लिली तशीच बोट ठेवून वाचत होती. शेवटचा भाग आला. तिने काट्याकडे बघितलं. राघवन साहेबांनी मुद्दाम तो काटा वर सरकवून कागदाच्या तुकड्याने तिथेच अडकवून ठेवला होता. तिने पुढची ओळ वाचली आणि हात मागे घेऊन, साडीच्या निऱ्यांवर जोडून, उभी राहिली. थांबली. छताचा पंखा फिरत होता. दूर कुठेतरी दवाखान्याच्या अंगणात कोणी झाडू मारत होतं, त्याचा खरखर आवाज येत होता. ती थांबून राहिली, आणि तिला मी थांबवलं होतं, मी लिहिलेल्या एका ओळीने. माझ्या आयुष्यात मला इतकं उपयोगी असल्यासारखं त्याआधी कधी वाटलं नव्हतं. साहेबांनी कागद काढला, काटा खाली आला, मग तिने झाकण उघडलं. जाताना तिने राघवन साहेबांना विचारलं की हे पान मोठं छापून भिंतीवर लावता येईल का.

घरी येऊन सांगितलं तर शांताक्का म्हणाल्या, "सरी. हात-पाय धू, हुळी गरम आहे." सरी, म्हणजे ठीक, एवढंच. कौतुक म्हणून त्या आमटीवर तूप जरा जास्त पडलं.

मी त्या घरात आणखी बरीच वर्षं राहिले. त्या वर्षांचं एकेक सांगत बसले तर संपायचं नाही. जकरंदा फुलला की घराजवळच्या शाळेसमोरचा रस्ता जांभळा व्हायचा. चैत्रात कैरी घातलेली डाळीची कोसंबरी. फणसाच्या दिवसांत मागच्या दारी कोयता, तेलाचे हात, आणि तो दोन-दोन दिवस न जाणारा वास. सकाळी शेजारी कोणीतरी वीणा शिकायचं आणि रोज त्याच ठिकाणी चुकायचं. शांताक्का चहा कधी पीत नसत आणि कॉफीच्या डिकॉक्शनला कोणाला हात लावू देत नसत. एकदा फुलवाली माझ्याकडे बोट करून त्यांना काही विचारत होती. मला कानडी तोवर समजायला लागली होती. ही कोण, असं तिने विचारलं होतं. भाडेकरू, असं त्या म्हणतील असं मला वाटलं. त्या गजरा मोजून घेत होत्या, मान वर न करता म्हणाल्या, "नम्म हुडुगी." आमची मुलगी. मी पिशवी धरून उभी होते, ती तशीच उभी राहिले.

दशक संपता संपता माझं लग्न ठरलं आणि मी पुण्याला जायला निघाले. शांताक्कांची नजर तोवर फार मंदावली होती. ऑपरेशन झालं होतं, पण यावा तसा गुण आला नव्हता. अक्षरं त्यांना दिसत नसत. शेजारची दहावीतली मुलगी, वीणा चुकवणारी तीच, इंग्रजी शिकायला यायची, आणि त्या ऐकून शिकवायच्या. माझ्या निघण्याच्या आदल्या दिवशी दुपारी ती आली तेव्हा त्या खुर्चीत मागे टेकल्या आणि मला म्हणाल्या की आज तू घे. मी नको म्हणत होते. सामान बांधायचं राहिलं होतं. पण त्यांनी डोळे मिटून घेतले होते.

मग मी त्या मुलीला घेऊन याच ठिकाणी, तेव्हाच्या ओट्याशी बसले. तिचा निबंध वाचला. तिची वाक्यं पावसाळी ओढ्यासारखी होती, कुठे थांबायचं ते त्यांना माहीत नव्हतं. स्वल्प इरी सांगितलं, 'च' सांगितला. ती कानडीत विचारायची, मी अर्ध्या कानडीत उत्तर द्यायचे. ती पटकन शिकत होती. शांताक्कांना झोप लागली असावी, असं मला वाटलं, म्हणून मी आवाज हळू केला.

तेवढ्यात खुर्चीतून त्यांनी हात वर केला. वर्गातल्या मुली करतात तसा, कोपरापासून सरळ.

"टीचर," त्या म्हणाल्या, "मला एक शंका आहे. अर्धविराम कधी देतात?"

ती मुलगी फिस्सकन हसली. शांताक्का हसल्या नाहीत. हात तसाच वर होता आणि चेहरा माझ्या आवाजाच्या दिशेने. अर्धविराम त्यांनी किती पिढ्यांना शिकवला असेल. मला ते उत्तर कधीच कोणाला द्यावं लागलं नव्हतं. मी हातातली पेन्सिल खाली ठेवली. मग म्हटलं की जिथे वाक्य संपवता येईल इतकं ते पुरं झालेलं असतं, पण पुढचं वाक्य त्याचंच असतं, आणि दोघांना वेगळं करायला मन होत नाही, तिथे अर्धविराम देतात.

त्यांनी हात खाली घेतला. मान हलवली.

"समजलं, टीचर."